‘ईव्हिल डेड’सारखा धावता कॅमेरा आणि रक्त, कमी पैशात?

रात्रपाळी: दहा मिनिटांचा भयपट करतोय, शूटिंग जंगलात, रात्री. काहीतरी झाडीतून घराकडे झेपावतंय असा शॉट हवाय. गिम्बलवर (कॅमेरा स्थिर ठेवणाऱ्या मोटरवाल्या दांड्यावर) तो लग्नाच्या व्हिडिओसारखा गुळगुळीत येतो, हातात धरला तर नुसता थरथरतो. शिवाय रक्त सरबतासारखं दिसतं. ‘ईव्हिल डेड’ या भयपटाचा दिग्दर्शक सॅम रेमी याच्या टीमने १९७९-८०च्या हिवाळ्यात अमेरिकेतल्या टेनेसीत हे कसं जमवलं?

फळीवाला: गिम्बल परत करा. त्यांनी कॅमेरा लाकडी फळीच्या मधोमध बसवला, दोघांनी दोन टोकं धरली आणि पळाले. पाच-सहा फुटी, सरळ फळी घ्या. मध्ये भोक पाडून पाव इंची बोल्ट. वॉशर घालाच, बोल्ट कॅमेऱ्यात ५ मिमीपेक्षा जास्त शिरला तर कॅमेऱ्याची आट्यांची खाच फुटते. लांब फळी चटकन कलत नाही, पावलांचा वर-खाली हिसका तेवढा उरतो. तोच हवाय! फुल फ्रेमवर (मोठ्या, ३५ मिमी फिल्मएवढ्या सेन्सरच्या कॅमेऱ्यावर) १६ ते २० मिमीची वाइड लेन्स, कॅमेरा गुडघ्याखाली. जमीन अंगावर येते ती त्यामुळे. कॅमेऱ्यातलं थरथर घालवणारं स्टॅबिलायझेशन बंद ठेवा, वाइड लेन्सला कडा लिबलिबतात. आवाज धावताना घेऊच नका, तुमचीच धाप ऐकू येईल.

लालभडक: त्यांच्या रक्तात कॅरो कंपनीचं कॉर्न सिरप (मक्याचा पाक), खायचा लाल रंग आणि कॉफी क्रीमर (कॉफीत दुधाऐवजी घालतात ते) होतं. क्रीमर कशाला? नुसत्या पाकातून प्रकाश आरपार जातो, म्हणून तुमचं सरबत होतंय. सिरपऐवजी बेकरीचं सामान मिळतं तिथून अर्धा किलो लिक्विड ग्लुकोज आणा. पाव वाटी कोमट पाण्यात क्रीमरऐवजी दोन चमचे कोको कालवून गाळा (नाहीतर गुठळ्या), मग त्यात ग्लुकोज, चमचाभर लाल जेल रंग, निळ्याचा एकच थेंब. निळसर एलईडीखाली हे काळं दिसतं, तिथे निळा टाळा. थंडीत घट्ट झालं तर बरणी गरम पाण्यात ठेवा. कातडीला आधी व्हॅसलीन. एकसारखे तीन शर्ट लागतीलच, डाग जात नाहीत. मुंग्यांचं तुमचं तुम्ही बघा.

सोळा_मिमी: व्हॅसलीन आणताच आहात तर जास्त आणा. घरातल्या सरकत्या शॉटसाठी त्यांनी सुताराच्या दोन लाकडी घोड्यांवर फळी टाकून तिला व्हॅसलीन फासलं होतं आणि कॅमेरा तिच्यावरून घसरवला होता. ट्रॉलीचं भाडं वाचलं. आणि धावणारं काय आहे ते उलट कोनातून दाखवायचा मोह टाळा. रेमीने ते दाखवलंच नाही. इतक्या वर्षांनीही तो शॉट शिळा होत नाही त्याचं अर्धं श्रेय मी त्यालाच देईन. मुखवट्याचे पैसे शर्टांना लावा.