उशीर म्हणजे अवमान नव्हे? मग अकरा महिने काय होतं?

पलासियाकर:
परवा इथे एका निवृत्त अधिकाऱ्यांनी लिहिलं, 'कोर्टाचा आदेश पाळायला चार-सहा महिने लागले की लोक लगेच अवमान याचिका लावतात. उशीर म्हणजे अवमान नव्हे.' दोन दिवस डोक्यातून जात नाहीये, म्हणून लिहितो.

आई एका अनुदानित संस्थेत ३१ वर्षं होती. वेतननिश्चितीची थकबाकी प्रमाणित प्रत मिळाल्यापासून ६० दिवसांत द्या, असा हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठाचा आदेश झाला. प्रत मी स्वतः नेऊन दिली. अकरा महिने फाईल हलली नाही. अवमानाची नोटीस गेली आणि नवव्या दिवशी रक्कम खात्यात! म्हणजे पैसे होते, मंजुरीही होती. आई तोवर अंथरुणाला खिळली होती.

लेखाशाखा_निवृत्त:
तो मीच. आईंचं वाचून वाईट वाटलं. पण १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यात नागरी अवमानाच्या, म्हणजे कोर्टाचा आदेश न पाळण्याच्या, व्याख्येतच 'जाणूनबुजून' आहे. मंजुरी भोपाळहून यायची, तरतूद संपलेली, मधेच साहेबांची बदली. कोर्टात उभा राहतो तो, ज्याच्या हातात पैसाच नसतो. मी राहिलोय, निवृत्तीला दोन वर्षं असताना. अधिकाऱ्यांना ऊठसूट बोलावू नका, हे सुप्रीम कोर्टानेच जानेवारी २०२४ मध्ये उत्तर प्रदेशच्या प्रकरणात सांगितलंय.

काळा_कोट:
काका, अडचण होती तर मुदतवाढीचा अर्ज का नाही केला? तो मुदतीत करायचा असतो. तुम्ही लोक नोटीस आल्यावर अपील ठोकता, आणि नुसतं अपील म्हणजे स्थगिती नव्हे. त्याहून वाईट म्हणजे 'अभ्यावेदनावर (लेखी विनंती अर्जावर) निर्णय घ्या' एवढाच आदेश असला की दोन ओळींत 'अमान्य' लिहून मोकळे. अवमान याचिका तिथेच निकाली, माणूस पुन्हा नव्या रिट याचिकेच्या पहिल्या पायरीवर.

विजयनगर_ते_नवलखा:
आदेशांचंच बोलताय तर आपल्या इंदूरचा बीआरटीएस बघा, रस्त्याच्या मधला बससाठीचा वेगळा मार्ग. हायकोर्टाने फेब्रुवारी २०२५ मध्ये काढायला मान्यता दिली, त्यानंतर कितीतरी महिने अर्धी रेलिंग तशीच. त्यातून जाणारी आमची आयबस मात्र आधी अडकली.

सराफ्याजवळ:
निघाली तेच बरं. साडेअकरा किलोमीटर रस्त्याचा मधला भाग अडवून ठेवलेला.

विजयनगर_ते_नवलखा:
अडवलेला? मी रोज त्यातून कामावर जायचे. तुमच्या गाडीत एकच माणूस बसतो, बसमध्ये पन्नास.

सराफ्याजवळ:
आणि रुग्णवाहिका? भंवरकुआंला माझ्या सासऱ्यांना घेऊन पाऊण तास अडकलो होतो. तेव्हा कुठे होते तुमचे पन्नास?

विजयनगर_ते_नवलखा:
तो दोष बसचा नाही, बेशिस्त गाड्यांचा. प्रत्येक वेळी बसच्याच माथी का मारता?

पलासियाकर:
ताई, दादा, हात जोडतो. रस्त्यासाठी वेगळा धागा काढा. इथे माझ्या आईचे अकरा महिने आहेत.

काळा_कोट:
शिक्षा तरी होते कुठे? कमाल सहा महिने साधी कैद, दंड २००० रुपये, तोही १९७१ चा. त्यात माफी मागितली की सुटका. २००६ मध्ये महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक यांना सुप्रीम कोर्टाने महिनाभर तुरुंगात धाडलं, तसं उदाहरण विरळा.

लेखाशाखा_निवृत्त:
म्हणजे बाबूला तुरुंगात टाकलं की तिजोरी उघडते? तुम्हाला कुणाला तरी रडवायचंय फक्त.

पलासियाकर:
रडून झालंय आमचं, काका. 'तरतूद नाही, तीन महिने द्या' एवढं एक पत्र पुरलं असतं. एकही आलं नाही.

लेखाशाखा_निवृत्त:
पत्र यायला हवं होतं. हे मान्य.

मल्हारगंज:
वडिलांच्या ग्रॅच्युइटीचा आदेश होऊन दहा महिने झाले. अजून थांबू का?

काळा_कोट:
अजिबात नको. अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे याचिकेला अवमान घडल्यापासून एकच वर्ष मिळतं. आदेशातली मुदत संपली त्या तारखेपासून मोजा आणि आधी वकिलाला गाठा. प्रत दिल्याचा पुरावा आहे ना?

मल्हारगंज:
शिक्का आहे.

लेखाशाखा_निवृत्त:
शिक्क्यावर आवक क्रमांक आणि तारीख आहे का बघा. नसेल तर उद्याच रजिस्टर्ड पोस्टाने पुन्हा पाठवा. क्रमांक नसला की 'प्रत प्राप्त नाही' असं उत्तर जातं. मी स्वतः लिहिलंय तसं, दोनदा.