मालिकेतलं गाव

सुलभाताई: काल ती नवीन मालिका लावली. सून चुलीपुढे बसलीय आणि अंगावर पैठणी! एक ठिणगी उडाली तर?

रोहन: ताई, चूल पण सेटवरचीच असणार 😄

अण्णा: चुलीचं सोडा, शेताचं बोला. ‘तुझ्यात जीव रंगला’मधला राणादा शेतकरी. वसगड्याचा तो वाडा बघायला लोक गाड्या करून कोल्हापूरला गेले. पण रात्रपाळीच्या लाईटवर दारं धरणारा, म्हणजे पिकाला पाणी देणारा माणूस कुठल्या मालिकेत बघितलाय? आमच्या भावाला पंपाची लाईट रात्री बारानंतर मिळते. एका हातात बॅटरी, खांद्यावर खोरं, पायाखाली काय वळवळतंय याचा नेम नाही. एक वाफा भरला की दारं मोडायचं, दुसऱ्याला लावायचं. मध्येच लाईट गेली की बांधावर बसून राहायचं. मालिकेत उसाच्या फडाचा उपयोग काय, तर हिरो-हिरॉइनची चुकामूक!

नीता: जाहिरातीत काम केलंय म्हणून सांगते. ऑक्टोबर २०१५ मध्ये ‘बार्क’ने, म्हणजे टीव्हीचे प्रेक्षक मोजणाऱ्या संस्थेने, टीआरपीत खेडी धरायला सुरुवात केली. त्याआधी मोजणी शहरांचीच. लगेच २०१६ ला ‘रात्रीस खेळ चाले’, ‘तुझ्यात जीव’, २०१७ ला ‘लागिरं झालं जी’. चॅनेलवाल्यांना गावाचा पुळका उगाच नाही आला.

सुलभाताई: पण मालवणी, सातारी बोली प्राइम टाइमला आली ना? आधी गावची भाषा म्हणजे गडी नाहीतर मोलकरीण. तेवढं श्रेय द्या की हो.

अण्णा: दिलं. भाषा आली, काम नाही आलं. काम दाखवायचं ते दूरदर्शनने. ‘कृषी दर्शन’ २६ जानेवारी १९६७ ला सुरू झालं, नंतर मराठीत ‘आमची माती, आमची माणसं’. कंटाळवाणं होतं, कबूल. शेतकरी घामाघूम, माइककडे बघू की साहेबांकडे कळत नसे. पण बोंडअळीवर काय फवारायचं ते कळायचं!

रोहन: अण्णा, ‘पंचायत’ ही हिंदी वेब सिरीज बघा. २०२० चा पहिला सीझन. सोलर दिवा कुणाच्या दारात लावायचा यावर अख्खा भाग आहे.

अण्णा: बघितलंय. शेत त्यातही लांबूनच दिसतं, पण भांडण अस्सल. आमच्या गल्लीत अशाच एका दिव्यावरून भावकीत बोलणं बंद आहे. दिवा कधीच बिघडला, अबोला चालू आहे.