'लिंडेनश्ट्रासे' बंद केली हे चुकलंच

रविवारची_संध्याकाळ: जर्मनीच्या एआरडी वाहिनीवर ८ डिसेंबर १९८५ पासून दर रविवारी ही मालिका लागायची. म्युनिकमधली एक गल्ली, तिथली बिऱ्हाडं, संसार, काडीमोड, म्हातारपण. (चित्रीकरण मात्र कोलोनला.) २९ मार्च २०२० ला १७५८ वा भाग दाखवून गाशा गुंडाळला. माझ्या मते हे साफ चुकलं. क्लाउस बाइमरचं काम करणारा मोरित्झ साक्स सुरुवातीला सात वर्षांचा होता आणि शेवटपर्यंत तोच राहिला. पोराला मिसरूड फुटलं, तो वाया जायला निघाला, सावरला, बाप झाला, हे सगळं प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत. ना लीप, ना कलाकार बदलला.

सडेतोड_नाशिककर: नट मोठा झाला म्हणून मालिका चांगली होत नाही. एका गल्लीत किती विषय कोंबायचे? एड्स, नवनाझी, अणुऊर्जा, पार्किन्सन. पात्रं बोलायची कमी, अग्रलेख जास्त वाचायची. प्रेक्षक घटले, वाहिनीने निर्णय घेतला. लोकांच्या पैशावर चालणाऱ्या वाहिनीने हिशेब बघायलाच हवा.

रविवारची_संध्याकाळ: लोकांच्या पैशावर चालते म्हणूनच तिने हे दाखवायला हवं, दादा! १९९० मध्ये कार्स्टन आणि रॉबर्ट या दोन पुरुषांचं चुंबन दाखवलं, तर कार्स्टन साकारणाऱ्या गेओर्ग युकरला जिवे मारण्याच्या धमक्या आल्या. तरी पात्र काढलं नाही. जाहिरातीवर जगणारी वाहिनी इतकी टिकली असती?

फ्रांकफुर्टची_काकू: विषयांचं ओझं होतं, हे मीही म्हणेन. पण हेल्गा बाइमरला विसरू नका. नवरा हान्स तिला सोडून आनाकडे गेला. ती कोलमडली, उभी राहिली, पुन्हा लग्न केलं. मनाला लागलं की स्वयंपाकघरात जाऊन अंडी तळायची. २०१८ मध्ये हान्स गेला तेव्हा हेल्गा आणि आना दोघी त्याच्याजवळ होत्या. तेहतीस वर्षांचं वैर, माया, सवय, सगळं त्या एका प्रसंगात होतं. ते दोन वर्षांच्या मालिकेत उभं करता येत नाही.

सडेतोड_नाशिककर: काकू, त्या प्रसंगाबद्दल वादच नाही. पण मग तिथेच थांबायचं ना! हान्स गेल्यावर सांगण्यासारखं काय उरलं होतं?

फ्रांकफुर्टची_काकू: हेल्गा उरली होती की. माणूस गेल्यावर मागे राहिलेली बाई कशी जगते, ते मला बघायचं होतं.