वाक्य ऐकून काळ ओळखण्याची काल्पनिक परीक्षा: प्रश्न कसे असावेत?

दांडियाबाजारकर (प्रश्न):
सप्रेम नमस्कार. दिवाळी अंकासाठी मी एक कथा लिहीत आहे. तीत बडोद्यातील एका काल्पनिक दफ्तरखान्यात नोकरी मिळवण्यासाठी ‘कालश्रवण’ नावाची परीक्षा द्यावी लागते. उमेदवाराला एक मराठी वाक्य वाचून दाखवतात आणि ते कोणत्या काळातले असावे, एवढेच त्याने सांगायचे असते. पाठांतर नव्हे, कान तपासावा, अशी कल्पना आहे. ‘म्हणौनि’, ‘म्हणोनि’, ‘म्हणून’ ही रूपे कालक्रमाने लावण्याचा पहिला प्रश्न मी ठरवला होता, पण ज्ञानेश्वरीचे दोन अध्याय वाचलेला कोणीही तो सोडवील. ‘नाहीं’, ‘तें’ यांवरचे अनुस्वार 1962च्या शुद्धलेखन नियमांपूर्वीची खूण म्हणून वापरावेत का? आजीच्या लोणच्यांच्या वहीत ते पानोपानी आहेत, त्यावरून सुचले.

मोडीवाचक:
वाक्य वाचून दाखवणार असाल, तर अनुस्वार ऐकू कसा येणार? शिवाय तो कागदाचा काळ सांगत नाही, लिहिणारा कोणत्या काळात शाळेत शिकला ते सांगतो. ऱ्हस्व-दीर्घाचाही आधार घेऊ नये, कारण मोडीत तो भेद पाळलाच जात नसे. जुन्या पत्रांत ‘इहिदे समानीन मया व अलफ’ असे अरबी अंकशब्दांत साल येते: एक, ऐंशी, शंभर आणि हजार, म्हणजे शुहूर सन (मराठेशाहीच्या कागदांतली कालगणना) 1181. हे वर्ष सूर्य मृगात शिरताना सुरू होते; तेव्हापासून डिसेंबरपर्यंतच्या कागदासाठी त्यात 599 आणि पुढच्या महिन्यांसाठी 600 मिळवले, की इसवी सन 1780-81 येते. कथेत हे शोभून दिसेल, मात्र परीक्षेत नको, कारण हा निव्वळ हिशेब आहे.

सुरसागरकाठ:
माझ्या मते जुने दिसणारे शब्द वगळावेत आणि अगदी ओळखीचे वाटणारे घ्यावेत. फारसी शब्द तेवढा जुना आणि संस्कृत शब्द नवा, असा आपला समज असतो. परंतु ‘पेशवा’ या शब्दाच्या जागी ‘पंतप्रधान’ हा शब्द 1674च्या राज्याभिषेकाच्या वेळीच योजला गेला, आणि रघुनाथपंतांचा राज्यव्यवहारकोश तर फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देण्याच्या याच कामासाठी रचलेला होता. त्यामुळे पंतप्रधानांचा उल्लेख ऐकताच विसावे शतक म्हणणारा उमेदवार तिथेच नापास व्हावा.
दुसरे वाक्य असे ठेवता येईल: ‘उभयतांनी राजीनामा लिहून दिला.’ आज आपल्याला दोघांनी नोकरी सोडल्याचे ऐकू येते. मूळ फारसी अर्थाने मात्र ते राजीखुशीचे, तडजोडीचे पत्र आहे, आणि हिंदीत तो अर्थ अजून चालतो. “भांडण कशावरून होते?” असे जो उलट विचारील, त्याला मी डोळे झाकून नोकरी देईन.

माहेरवाशीण:
वरील उत्तरांत एक गोष्ट सुटली आहे. परीक्षा बडोद्यात होणार असेल, तर स्थळ हेच काळाचे सोंग घेऊन येईल. बडोद्यात आमच्या घरी ‘मला हे फावत नाही’, म्हणजे जमत नाही, सोयीचे पडत नाही, असे सर्रास म्हणतात. लग्नानंतर पुण्याला गेले आणि सासूबाईंना सहज म्हणाले, “मला पहाटेची गाडी फावेल,” तेव्हा त्या क्षणभर माझ्याकडे पाहतच राहिल्या. त्यांच्या लेखी फावते ते चोराचे! ज्ञानेश्वरीत ‘फावणे’ म्हणजे प्राप्त होणे, लाभणे. एखादा परीक्षक आमच्या वाक्याला प्राचीन ठरवून मोकळा होईल, पण तो अर्थ आमच्याकडे शेजारच्या गुजरातीतून आला आहे, तेराव्या शतकातून नव्हे. हा सापळा अवश्य ठेवा, आणि उत्तरपत्रिकेत ‘काळ सांगता येत नाही, गाव सांगतो’ या उत्तराला पूर्ण गुण असू द्या.

दांडियाबाजारकर:
सर्वांचा आभारी आहे. मोडीवाचकांचे वाचून आजीची वही पुन्हा काढली. ती 1978च्या कॅलेंडरची पाने उलटी शिवून केलेली आहे. कैरीच्या पानामागे मार्च महिना उमटलेला दिसतो, आणि तरीही ‘पाणी लागूं देऊं नये’ यातला एकही अनुस्वार आजीने गाळलेला नाही. अनुस्वाराचा प्रश्न काढून टाकला आहे. ‘फावेल’ शेवटी ठेवतो. माझा नायक, तो बडोद्याच्या दांडिया बाजारातलाच असल्यामुळे, त्यावरच अडेल.