व्हिक्टोरिया राणीचं मुख्य चित्र कोणतं असावं: 1859चं तैलचित्र की 1882चा फोटो?

दप्तरदार
आपल्या ज्ञानकोशातल्या व्हिक्टोरिया राणीच्या नोंदीत मुख्य जागी विंटरहाल्टरचं 1859चं तैलचित्र आहे. ते हलवून तिथे अलेक्झांडर बसानोचा 1882चा फोटो लावावा, असा प्रस्ताव.

राज्य 20 जून 1837 ते 22 जानेवारी 1901. तिचा नवरा अल्बर्ट वारला 14 डिसेंबर 1861ला. म्हणजे साडेचोवीस वर्षं त्याच्या आधीची आणि 39 वर्षं काळ्या पोशाखातली. 'कैसर-ए-हिंद' किताबही उत्तरार्धातलाच, 1 जानेवारी 1877ला दिल्लीत जाहीर झालेला. बसानोच्या फोटोत 1870 साली घडवलेला हिऱ्यांचा चिमुकला मुकुट, लेसची ओढणी आणि गार्टर या ब्रिटिश राजसन्मानाचा निळा पट्टा आहे. 1887च्या सुवर्णमहोत्सवात हीच छबी पुन्हा बाहेर काढली गेली. राणी म्हटल्यावर लोकांना आठवते ती हीच.

कॅनव्हासवाला
साफ असहमत. वर्षांची बेरीज करून चेहरा ठरवायचा असेल तर मग चित्र कशाला, आलेखच लावा.

मराठी वाचकाच्या दृष्टीने तिच्या कारकिर्दीतली सगळ्यात मोठी तारीख 1 नोव्हेंबर 1858. राणीचा जाहीरनामा निघाला, कंपनी सरकार गेलं आणि राणी सरकार आलं. चित्र त्याच्या पुढच्याच वर्षीचं. राणी 40 वर्षांची, अंगावर राजवस्त्रं, शेजारी मेजावर मुकुट. काळा पोशाख वैधव्य सांगतो, राज्यपद नाही.

आणि फोटो म्हणजे अस्सल, हा भ्रमही नको. तेव्हाच्या स्टुडिओत काचेच्या निगेटिव्हवर व्हार्निशचा हात देऊन टोकदार पेन्सिलीने सुरकुत्या भरून काढायचा रिवाज होता. त्याला कारणही होतं. त्या काळच्या साध्या प्लेटा निळ्या प्रकाशाला तेज, तांबड्याला जवळपास आंधळ्या. त्यामुळे चेहऱ्यावरची लाली आणि डाग काळे उमटायचे, अन् निळ्या रेशमाचा पट्टा फिका पडायचा.

दप्तरदार
रिटचिंगचं मान्य. पण विंटरहाल्टर दरबारी चित्रकार होता, पेन्सिलीची गरजच नव्हती, कुंचला होता की!

खरी अडचण मापाची आहे. मूळ चित्र साधारण 240 × 157 सें.मी., नखशिखान्त. नोंदीच्या चौकटीत 250 पिक्सेल रुंदी मिळते. 157 सें.मी. त्यात बसवले की एका पिक्सेलला 6 मि.मी.हून जास्त. म्हणजे 16 सें.मी.चा चेहरा उरतो जेमतेम 25 पिक्सेलचा. मोबाइलवर दिसणार लाल-पांढऱ्या कापडाचा ढीग आणि वर एक ठिपका. चेहऱ्यापुरतं कापाल तर मेज आणि मुकुट जाणार, आणि त्याबरोबर तुमचा जाहीरनाम्याचा मुद्दाही. बसानोत ही अडचणच नाही, तिथे चेहऱ्याला भरपूर जागा मिळते.

राणीछाप
दोघंही लंडनमध्येच अडकलात. इथल्या माणसाने राणी पाहिली ती रुपयावर. 11.66 ग्रॅमचा, सोळा आण्यांचा. 1862पासून त्यावर मुकुटधारी अर्धाकृती आहे, आणि 1877पासून 'क्वीन'च्या जागी 'एम्प्रेस' आलं तरी ती शेवटपर्यंत तरुणच राहिली. विलायतेत मात्र नाण्यावरचा चेहरा 1887 आणि 1893 असा दोनदा बदलला. 1887च्या, बोएम या शिल्पकाराने घडवलेल्या चेहऱ्यावर तर टीका झाली, कारण डोक्यावरचा मुकुट आत्ता पडेल की मग, असा.

रुपया लावा. पण कुठलाही नको. गालाचा उंचवटा आणि कानावरचे केस आधी झिजतात, ते शाबूत असलेलाच निवडा. चिंच-लिंबाने घासलेला तर नकोच. वरची छटा जाते आणि फोटोत चेहरा सपाट, पांढराफटक येतो. उजेड एकाच बाजूने, घड्याळातल्या 10-11च्या दिशेने, तिरका पडू द्या. समोरून फ्लॅश मारलात की नाक आणि गाल एक होतात.

कॅनव्हासवाला
रुपया नोंदीत हवाच, पण खाली, चलनाच्या भागात. एका बाजूचा चेहरा, एक डोळा आणि ठशातलं सौंदर्य. मुख्य चित्राला त्यात माणूस कुठे आहे?

तिरकस
मग मॅथ्यू नोबल या शिल्पकाराने घडवलेला राणीचा पुतळा लावा! बडोद्याच्या खंडेरावांनी पैसे दिले, 1872 साली मुंबईत बसला, 1896 साली चाफेकरांनी त्याला डांबर फासलं, आता नाक तुटलेल्या अवस्थेत भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात आहे. याहून 'प्रातिनिधिक' काय हवं?

थट्टा बाजूला. बसानो घेणार असाल तर फाइल तपासून घ्या. गार्टरचा पट्टा डाव्या खांद्यावरून उजव्या कमरेकडे जातो. उलटा दिसला की कुणीतरी चित्र आरशासारखं फिरवलंय. हल्लीच्या रंगवलेल्या आवृत्त्याही टाळा. वर सांगितलेल्या प्लेटच्या दोषामुळे पट्टा मुळातच फिका उमटतो, मग रंगवणारा तो आकाशी नाहीतर चक्क पांढरा करून ठेवतो.

दप्तरदार
न रंगवलेली, न फिरवलेलीच घेऊ. विंटरहाल्टर 1858च्या परिच्छेदाशेजारी जाईल, तिथे तो पूर्ण उंचीचा लावता येतो.

कॅनव्हासवाला
तिथे लावणार असाल तर निदान मूळ चित्र लावा. या चित्राच्या बऱ्याच नकला झाल्या आणि नकलेत पहिला बिघडतो तो चेहराच. संग्रहाचं नाव नसलेली फाइल घेऊ नका. मुख्य जागेबद्दलचा माझा विरोध मात्र कायम आहे, तसा नोंदवून ठेवा.