श्रावणातल्या कहाण्यांतून समाजाची मूल्यं कशी वाचायची?

केतकी: शाळेच्या प्रकल्पासाठी गावातल्या बायकांकडून श्रावणातल्या कहाण्या रेकॉर्ड करायच्या आहेत. त्यांतून ‘देवावर श्रद्धा ठेवा’ याच्या पुढे काही सापडत नाहीये. नेमकं बघायचं काय?

ओसरी: शेवटी मिळणारं फळ बाजूला ठेवा, अडतं कुठे ते बघा. सोमवारची खुलभर दुधाची कहाणी घ्या. राजा गावातलं सगळं दूध महादेवाच्या देवळात आणवतो, तरी गाभारा भरत नाही. एक म्हातारी पोरांना जेवू घालते, लेकीसुनांना न्हाऊ घालते, गाईवासरांना चारा टाकते आणि मग खुलभर, म्हणजे जरासंच, दूध घेऊन येते. गाभारा भरतो. राजाची भक्ती कमी पडली नव्हती, त्याच्या हुकमापायी पोरं-वासरं तळमळली. घासाचा क्रम कहाणीनं ठरवून टाकलाय: आधी पोरं आणि मुकी जनावरं, मग देव. आणि हे राजाला तोंडावर सांगणारी कोण, तर ती म्हातारीच!

माजघर: शुक्रवारची कहाणी मला याहून धारदार वाटते. भाऊ सहस्रभोजन घालतो पण गरीब बहिणीला बोलावत नाही, आपणहून आली तर अपमान करून घालवतो. तिला बरे दिवस आल्यावर मात्र मानानं जेवायला बोलावतो. ती दागिने उतरवून पाटावर मांडते आणि पानातला एकेक घास त्यांच्यावर ठेवते: ज्यांना बोलावलंस त्यांना भरवते! पण सगळ्या कहाण्या अशा बंडखोर नाहीत. शिवामुठीच्या (श्रावणी सोमवारी महादेवाला मूठभर धान्य वाहण्याच्या) कहाणीतली नावडती सून तिला उष्टं खायला घालणाऱ्या राजाला, म्हणजे सासऱ्याला, जाब विचारत नाही, ‘नावडती आहे ती आवडती कर’ एवढंच मागते. तेही लिहा, नाहीतर प्रकल्प नुसता गौरव होईल.

ध्वनिफीत: रेकॉर्डिंगचं सांगतो. आधी परवानगी घ्या. त्या-त्या वारी, पूजा झाल्यावर, ऐकणाऱ्यांच्या हातात अक्षता असतानाच घ्या. एकट्या माइकसमोर बसवलं की कहाणीचा नुसता सारांश मिळतो. फोन एअरप्लेन मोडवर, हातभर अंतरावर, घडी केलेल्या कापडावर ठेवा. फरशीवर ठेवला तर भांड्यांचा खणखणाट येतो. पहिल्या खेपेला मध्ये काही विचारू नका, विचारलं की गोष्ट थांबते आणि उपदेश सुरू होतो. पुस्तकातून वाचत असतील तर वाचू द्या, मग पुस्तक मिटून ‘तुमच्या माहेरी कशी सांगायचे?’ असं विचारा. तीन घरांतून एकच कहाणी घेतलीत तर कुणी काय गाळलं ते लगेच दिसेल. ‘आटपाट नगर होतं’ आणि ‘पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण’ कापू नका, आणि लिहून काढताना ‘व्हतं’चं ‘होतं’ करू नका.