शब्दचर्चा : युद्धनौकेवरचा ‘कॅप्टन’ म्हणजे हुद्दा, नेमणूक की पाळी?

बोरूबहाद्दर :
युद्धनौकांवरचा एक इंग्रजी लेख मराठीत आणतोय आणि तीन ठिकाणी अडलोय. एक, लेखात एका कॉर्व्हेटच्या (छोट्या युद्धनौकेच्या) प्रमुखाला आधी ‘कमांडर’ आणि दोनच ओळींनी ‘कॅप्टन’ म्हटलंय. मूळ लेखकाची गफलत समजायची का? दोन, ‘एक्झिक्युटिव्ह ऑफिसर’ला ‘कार्यकारी अधिकारी’ लिहिलं, पण वाचताना डोळ्यांपुढे जिल्हा परिषद येते. तीन, ‘क्रू’ म्हणजे सरसकट ‘खलाशी’ लिहून चालेल का? जाता जाता ‘चेन ऑफ कमांड’साठीही बरा शब्द सुचवा. ‘आदेशशृंखला’ नको, बेड्या घातल्यासारखं वाटतं.

खारी हवा :
लेखकाची गफलत नाही. नौकेवर तीन गोष्टी एकावर एक बसलेल्या असतात आणि आपण तिन्हींना ‘पद’ म्हणून मोकळे होतो. खांद्यावर असतो तो हुद्दा, म्हणजे लेफ्टनंट, कमांडर वगैरे. त्या नौकेवर दिलेलं काम ती नेमणूक, म्हणजे कमांडिंग ऑफिसर, नेव्हिगेटिंग ऑफिसर, इंजिनिअर ऑफिसर. आणि या चार तासांत नौका कोणाच्या हाती आहे ती पाळी, म्हणजे ऑफिसर ऑफ द वॉच. तुमच्या कॉर्व्हेटचा प्रमुख हुद्द्याने कमांडर आणि नेमणुकीने कमांडिंग ऑफिसर आहे, आणि नौकेवरची सगळी माणसं त्याला ‘कॅप्टन’च म्हणणार. ते संबोधन नौकेच्या प्रमुखाचं आहे, मग खांद्यावर काहीही असो. छोट्या नौकेवर लेफ्टनंट कमांडरसुद्धा ‘कॅप्टन’ असतो. विक्रांतसारख्या विमानवाहू नौकेचा प्रमुख हुद्द्याने कमोडोर असतो, तोही आपल्या नौकेचा ‘कॅप्टन’च.

भाषांतरात हुद्दा नावाआधी लिहा आणि नेमणूक वाक्यात सांगा. ‘कमांडर अमुक हे या नौकेचे कमांडिंग ऑफिसर’ म्हटलं की घोळ मिटतो. लेखात संवाद असतील तर त्यात ‘कॅप्टन’ तसाच ठेवा.

शाईचा डाग :
यात आणखी एक खड्डा आहे, त्यात वर्तमानपत्रं नेमाने पडतात. नौदलातला कॅप्टन भूदलातल्या कर्नलच्या बरोबरीचा असतो. भूदलातला कॅप्टन म्हणजे नौदलातला लेफ्टनंट. त्यामुळे ‘तरुण नौदल कॅप्टन’ असं वाचलं की बहुधा बातमीदाराने भूदलाचं कोष्टक नौदलाला लावलेला असतो. मधली शिडी अशी : लेफ्टनंट कमांडर म्हणजे मेजर, कमांडर म्हणजे लेफ्टनंट कर्नल, कमोडोर म्हणजे ब्रिगेडिअर, रिअर ॲडमिरल म्हणजे मेजर जनरल.

शिवाय ‘कॅप्टन’चा ‘कर्णधार’ करू नका. मूळ अर्थ नेमका सुकाणू धरणारा असाच असला तरी क्रिकेटने तो शब्द कायमचा नेलाय. ‘उपकर्णधार’ लिहिलंत तर वाचक नाणेफेकीची वाट बघत बसेल.

उधाण :
एक्झिक्युटिव्ह ऑफिसरबद्दल. या नावातलं ‘एक्झिक्युटिव्ह’ कार्यकारी मंडळातलं नाही, ते शाखेचं नाव आहे. भारतीय नौदलात (आणि ज्याच्या परंपरेतून हे आलं त्या ब्रिटिश नौदलात) अधिकाऱ्यांच्या शाखा असतात. नौका चालवणारी आणि लढवणारी ती एक्झिक्युटिव्ह, बाकी इंजिनिअरिंग, इलेक्ट्रिकल वगैरे. नौकेची कमान याच शाखेकडे राहते. कमांडिंग ऑफिसर जखमी झाला किंवा गेला तर सूत्रं एक्झिक्युटिव्ह ऑफिसरकडे येतात. नौकेवरचा इंजिनिअर ऑफिसर सेवेत त्याच्याहून ज्येष्ठ असला, तरी येत नाहीत. ‘सर्वांत ज्येष्ठ अधिकाऱ्याने सूत्रे हाती घेतली’ असं ढोबळ वाक्य म्हणूनच चुकू शकतं.

कामाच्या दृष्टीने पाहिलं तर कमांडिंग ऑफिसर नौका कुठे न्यायची आणि कशी लढवायची ते बघतो. माणसं, शिस्त, स्वच्छता, रोजचं वेळापत्रक, रंगरंगोटी, नांगर-दोरखंडांची कामं ही सगळी एक्झिक्युटिव्ह ऑफिसरकडे. नाविकाला रजा, बदली, बढतीबद्दल काही म्हणायचं असेल तर तो आधी आपल्या डिव्हिजनल ऑफिसरकडे (त्याच्या गटाच्या अधिकाऱ्याकडे) जातो, तिथून प्रकरण एक्झिक्युटिव्ह ऑफिसरपुढे आणि गरज पडली तरच कमांडिंग ऑफिसरपुढे. अर्ज करणारे ते ‘रिक्वेस्टमेन’, शिस्तभंगाचे ते ‘डिफॉल्टर्स’. माझं मत : पहिल्यांदा ‘नौकेचे दुय्यम प्रमुख (एक्झिक्युटिव्ह ऑफिसर)’ आणि पुढे नुसतं ‘दुय्यम प्रमुख’. उपप्रमुख म्हटलं की खुर्ची राखणारा वाटतो. हा माणूस तर दिवसभर डेकवर फिरत असतो.

बोरूबहाद्दर :
‘पाळी’ म्हणजे कारखान्यातली शिफ्ट वाटत नाही का? ‘पहारा’ कसा वाटतो? आणि हा ऑफिसर ऑफ द वॉच नेमका कोण?

खारी हवा :
पहारेकरी बाहेरून कोणी येतंय का ते बघतो, पण वॉचवरचा अधिकारी नौका चालवतो. म्हणून मी पाळीच्या बाजूने.

पाळ्यांचा हिशेब असा. मध्यरात्री १२ ते ४ मिडल, ४ ते ८ मॉर्निंग, ८ ते १२ फोरनून, १२ ते ४ आफ्टरनून, संध्याकाळी ४ ते ६ फर्स्ट डॉग, ६ ते ८ लास्ट डॉग आणि ८ ते १२ फर्स्ट. ‘फर्स्ट वॉच’ रात्रीची असते, इथे हमखास ‘सकाळची पहिली पाळी’ असं भाषांतर होतं. चार-चार तासांच्या सहा पाळ्या ठेवल्या असत्या तर तीन गटांतल्या त्याच माणसांना रोज तीच वेळ आली असती, म्हणजे मध्यरात्रवाला कायम मध्यरात्रीच. संध्याकाळची पाळी दोन तुकड्यांत मोडली की सात होतात आणि रोज वेळ सरकते. डॉग वॉचचं भाषांतर करू नका, कुत्रं मध्ये आणलंत की वाचक भरकटलाच.

आता कोण तो. ब्रिजवर, म्हणजे नौका जिथून चालवतात तिथे, या घडीला नौका ज्याच्या हाती आहे तो, बहुतेकदा लेफ्टनंट. त्याच्या मागे इंजिनिअर शाखेतला कमांडर येऊन उभा राहिला तरी ‘उजवीकडे वळव’ असा हुकूम तो देऊ शकत नाही. हुद्दा मोठा आहे, पण पाळी त्याची नाही. सूत्रं देताना-घेताना तोंडी बोलावं लागतं : घेणारा ‘आय हॅव द शिप’ म्हणतो, ब्रिजवरची सगळी माणसं ते ऐकतात आणि नोंद होते. खुद्द कॅप्टन ब्रिजवर आला म्हणून सूत्रं आपोआप त्याच्याकडे जात नाहीत, त्यालाही ती घ्यावी लागतात. जबाबदारी मात्र झोपेतही त्याचीच. रात्री झोपायला जाण्याआधी तो नाइट ऑर्डर बुकात लिहून ठेवतो की कोणतं जहाज किती जवळून जाणार असेल, दृश्यमानता किती कमी झाली, वेग किंवा मार्ग किती बदलावा लागला तर मला उठवा. येणारा प्रत्येक वॉच ऑफिसर खाली सही करतो.

सुकाणूवरच्या हुकमाची रीतही पाहण्यासारखी आहे. अधिकारी म्हणतो, ‘पोर्ट फिफ्टीन’, म्हणजे सुकाणू डावीकडे पंधरा अंश. चाकावरचा नाविक तेच शब्द परत म्हणतो, ‘पोर्ट फिफ्टीन, सर’. चाक फिरवतो. सुकाणू पंधरा अंशांवर आलं की सांगतो, ‘फिफ्टीन ऑफ पोर्ट व्हील ऑन, सर’. एका हुकमाची अशी तीनदा उजळणी होते, कारण चुकीचं ऐकलेलं पहिल्याच पायरीला पकडता यावं. हे संवाद मराठीत आणताना दुसरी ओळ ‘पुनरुक्ती’ म्हणून कापू नका.

शाईचा डाग :
इथे अमेरिकन लेखांपासून सावध राहा. आपल्याकडे ‘ओओडी’ म्हणजे ऑफिसर ऑफ द डे, नौका बंदरात असताना त्या दिवसाचा जबाबदार अधिकारी. अमेरिकन नौदलात ओओडी म्हणजे ऑफिसर ऑफ द डेक, आणि समुद्रावर आपल्या ऑफिसर ऑफ द वॉचचं काम तोच करतो. अक्षरं तीच, माणूस वेगळा.

१७ जून २०१७ ला जपानजवळ ‘फिट्झगेराल्ड’ या अमेरिकन विनाशिकेची मालवाहू जहाजाशी टक्कर झाली, ७ नाविक गेले. तिच्या चौकशीत ठळकपणे आलं ते हे की ओओडीने स्थायी आदेशांप्रमाणे कॅप्टनला उठवलं नव्हतं. इथे ओओडीचा ‘दिवसपाळी अधिकारी’ केलात तर सगळा अर्थच गेला. अपघात मध्यरात्रीनंतरचा!

उधाण :
त्याच वर्षी २१ ऑगस्टला सिंगापूरजवळ ‘जॉन मॅक्केन’ या अमेरिकन विनाशिकेचा टँकरशी अपघात झाला, त्यात १० नाविक गेले, आणि तो तर शब्दचर्चेतच घालावा असा आहे. चाकावरच्या नाविकाला दिशा आणि वेग दोन्ही सांभाळताना कठीण जात होतं, म्हणून कॅप्टनने काम दोघांत वाटायला सांगितलं : दिशा ‘हेल्म’कडे, वेग ‘ली हेल्म’कडे. शेजारच्या पटलावर फक्त वेग जायचा होता. चुकून सुकाणूही तिकडेच गेलं. हेल्मवाल्याला वाटलं सुकाणूच बंद पडलं, त्याने तसं ओरडून सांगितलं. मग वेग कमी करायला गेले तर दोन्ही पंख्यांची नियंत्रणं जोडलेली नव्हती, त्यामुळे फक्त डाव्या पंख्याचा वेग उतरला आणि नौका डावीकडे वळत टँकरच्या वाटेत गेली. सुकाणू कोणाच्या हातात आहे हे ब्रिजवर कोणालाच ठाऊक नव्हतं. ‘ली हेल्म’ला माझा शब्द ‘वेगपटल’. ‘दुय्यम सुकाणू’ नको, त्या पटलाचं नेहमीचं काम सुकाणूचं नाहीच.

बोरूबहाद्दर :
पुष्कळ मिळालं. ॲडमिरल कुठे बसवायचा? माझ्या लेखात तो ‘फ्लॅगशिप’वर आहे.

खारी हवा :
ध्वजनौका चांगला रुळलेला शब्द आहे, वापरा. रिअर ॲडमिरल आणि त्यावरचे ‘फ्लॅग ऑफिसर’, कारण त्यांचा स्वतःचा ध्वज नौकेवर चढतो. ताफ्याचा प्रमुख ॲडमिरल ज्या नौकेवर असतो तिचा कॅप्टन वेगळाच असतो. ॲडमिरल ताफ्याला हुकूम देतो, त्या नौकेच्या सुकाणूला नाही. ‘ॲडमिरलने नौका वळवली’ हे वाक्य म्हणून खटकतं. ‘ॲडमिरलने ताफ्याला वळण्याचा आदेश दिला’ असं हवं.

दोन्ही टोप्या एका डोक्यावर असल्याचं उदाहरणही आहे. १९७१ च्या युद्धात आयएनएस खुकरीचे कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला हे खुकरीचे प्रमुख होते आणि १४ व्या फ्रिगेट स्क्वॉड्रनचेही (स्क्वॉड्रन म्हणजे नौकांचा गट). ९ डिसेंबरला दीवजवळ खुकरी बुडाली आणि ते नौकेबरोबर गेले. त्यांच्याबद्दल लिहिताना हुद्दा कॅप्टन, नौकेचा कॅप्टन आणि स्क्वॉड्रनचा कॅप्टन असे तीन अर्थ एकाच शब्दात येतात. तिथे प्रत्येक वेळी कोणता ते उघड लिहावंच लागेल.

दांडीचं तारू :
आता क्रू. युद्धनौकेवर ‘खलाशी’ नको. अधिकारी आणि नाविक असे दोन गट आहेत, दोन्ही मिळून क्रू. मी ‘नौकेवरचे अधिकारी आणि नाविक’ असंच लिहीन, वाक्य लांबलं तरी. ‘चालक दल’ हिंदीतून आलंय आणि त्याने बस चालल्यासारखं वाटतं. १९४६ च्या मुंबईतल्या उठावाबद्दल असेल तर त्या काळचा शब्द ‘रेटिंग’ होता. आपण ‘नाविकांचं बंड’ म्हणतो ते बरोबरच.

नाविकांची शिडी : सीमन, लीडिंग सीमन, पेटी ऑफिसर, चीफ पेटी ऑफिसर, मग मास्टर चीफ पेटी ऑफिसर, दुसऱ्या वर्गाचा आणि पहिल्या वर्गाचा. ‘पेटी’ फ्रेंच ‘पती’वरून, म्हणजे लहान. मराठीत नुसतं लिहिलं तर भजनी मंडळ वाटेल, म्हणून एकदा तरी ‘नाविकांमधले अधिकारी’ असा खुलासा द्या. ‘कनिष्ठ अधिकारी’ मात्र चूक. सब लेफ्टनंट हा कनिष्ठ अधिकारी. पेटी ऑफिसर हा नाविकच असतो, पण जाणता, आणि नव्या सब लेफ्टनंटला दोरखंड कसा धरायचा ते बहुधा तोच शिकवतो.

दोन शब्द कोशावर विसंबून लिहू नका. ‘क्वार्टरमास्टर’ कोशात पुरवठा अधिकारी मिळेल, तो भूदलाचा. नौदलात तो समुद्रावर चाकावर उभा असतो आणि बंदरात गँगवेवर (नौकेवर चढण्या-उतरण्याच्या वाटेवर), येणाऱ्या-जाणाऱ्यांवर लक्ष ठेवत. आणि ‘कॉक्सवेन’चा उच्चार ‘कॉक्सन’, ‘बोट्सवेन’चा (डेकवरच्या कामांचा म्होरक्या) ‘बोसन’. अक्षरश: लिहिलंत तर नौदलातला वाचक हसेल.

शाईचा डाग :
जुने मराठी शब्द का नको? सरखेल, सारंग, तांडेल आहेतच की.

दांडीचं तारू :
आहेत, पण प्रत्येकाची पायरी ठरलेली आहे. ‘सरखेल’ कान्होजी आंग्र्यांचा किताब, तो सबंध आरमाराच्या प्रमुखाचा, एका नौकेच्या कॅप्टनला लावला तर फार मोठा होईल. आज्ञापत्रात पाच गुराबा (मोठ्या लढाऊ नौका) आणि पंधरा गलबतं यांचा एक सुभा आणि सगळ्यांवर सरसुभा अशी रचना आहे. म्हणजे आजच्या स्क्वॉड्रनला ‘सुभा’ अर्थाने जवळ जातो, पण वाचकाला महसूल खातं आठवेल.

तांडेलची गंमत अशी की कोळ्यांच्या होडीवर तांडेल म्हणजे होडीचा म्होरक्या. इंग्रजी कंपन्यांच्या आगबोटींवर मात्र डेकवरच्या माणसांचा म्होरक्या सारंग, आणि तांडेल त्याच्या हाताखाली. चाकावर सुकाणी, कोठारावर कसाब, स्वयंपाकाला भंडारी. रत्नागिरीकडची कितीतरी माणसं या नावांनी बोटीवर चढली. शब्द एकच, होडीवर पहिला आणि आगबोटीवर दुसरा. त्यामुळे बोसनला ‘सारंग’ म्हणणं व्यापारी जहाजावर अगदी शोभतं, युद्धनौकेवर नाही.

उधाण :
भारतीय नावांची शिडी पाहायची असेल तर तटरक्षक दल बघा. नाविक, उत्तम नाविक, प्रधान नाविक, मग अधिकारी, उत्तम अधिकारी, प्रधान अधिकारी. म्हणजे तिथला ‘प्रधान अधिकारी’ हा नाविकांमधला सर्वांत वरचा, खरे अधिकारी असिस्टंट कमांडंटपासून पुढे. भाषांतरात याचा ‘मुख्य अधिकारी’ केला की तो थेट नौकेच्या प्रमुखाच्या जागी जाऊन बसतो. नौदलातल्या हुद्द्यांना भारतीय परंपरेतली नावं देण्याची घोषणा ४ डिसेंबर २०२३ ला नौदल दिनी सिंधुदुर्गात झाली, तेव्हा तुमच्या लेखातला काळ कोणता तेही एकदा बघून घ्या.

राहिली ‘चेन ऑफ कमांड’. ‘हुकमाची उतरंड’ म्हणा. वरून खाली येणारा हुकूम त्यात बसतो, आणि खालून वर जाणाऱ्या अर्जासाठी ‘पायरीपायरीने’.